गुलटेकडीचं गोदाम, सीन सात

बावीस वर्षं मी गाणी विकली.
ऐकली म्हणत नाही, विकली.
आधी कॅसेट, मग सीडी, मग फोनची रिंग,
आणि शेवटी तर नुसते आकडे,
सोमवारी सकाळी मेलवर येणारे.
केबिनबाहेर पितळी पाटी होती:
चिन्मय राजवाडे, कॅटलॉग प्रमुख.
ती मीच काढली, स्क्रूसकट पिशवीत टाकली,
आणि म्हात्रे पुलावर रिक्षा अडकली तेव्हा
पहिल्यांदा वाटलं,
हा थांबलेला पूल चांगला शॉट आहे.

घरी सांगितलं.
मुग्धाने चहा गाळता गाळता विचारलं,
"पैसे कोणाचे?"
"आपलेच."
"आणि दिग्दर्शक?"
"मीच."
गाळणी तिने बराच वेळ आपटली.

तेव्हापासून निर्माता आणि दिग्दर्शक
एकाच खुर्चीवर बसतात.
एक घड्याळ बघतो, दुसरा उजेड,
आणि डबा एकच येतो.
दुपारी दोघांतला एक उपाशी राहतो,
कोण ते सांगत नाही.

आज मार्केट यार्डाच्या मागे
कंपनीचं जुनं गोदाम.
भाडं दिवसाला नऊ हजार;
हा दर चार वर्षांपूर्वी मीच ठरवला होता,
"शूटिंगवाल्यांना सवलत नाही" असा शेरा मारून.
कोपऱ्यात न खपलेल्या आरत्यांची खोकी,
कांद्याचा वास, हमालांच्या हाका.
कॅमेऱ्यामागे निलोफर बागवान,
तीन वर्षांपूर्वी इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेली.
मला सर म्हणते,
लेन्स कुठली लावायची ते विचारत नाही.

सकाळी पहिल्याच टेकला मी डोळे मिटले.
सवय. ऐकायचं तर मिटायचे.
उघडले तेव्हा सगळं युनिट माझ्याकडे बघत होतं.
"सर, ओके?"
"ओके."
"पण तुम्ही बघितलंच नाहीत."
मागे स्पॉटबॉय हसला, अगदी सुरात हसला.
ते हसूही रेकॉर्ड झालं असणार.

सीन सात.
दारातल्या बाकावर शिवलिंगआप्पा गुरव, बार्शीचे.
वय एक्याऐंशी. सुंदरी वाजवायचे,
सनईची धाकटी बहीण,
अंगाने लहान, आवाजाला तिखट.
त्यांच्या एका गाण्याची सुरुवात
मी कापली होती. चाळीस सेकंद.
गिऱ्हाईक थांबत नाही, म्हणालो होतो,
पाचव्या सेकंदाला शब्द आला पाहिजे.
त्यांना पत्र गेलं, सही माझी.
उत्तर आलं नव्हतं.

भूमिकेत वाद्य नाही.
नुसतं बसायचं, बाहेर बघत.
मी समजावलं, जरा जास्तच.
आप्पांनी धोतराचा सोगा आवरला.
"किती वेळ बसू?"
"मी कट म्हणेपर्यंत."
"म्हंजी पुन्यांदा तुमीच."

कॅमेरा चालू.
दहा सेकंद. वीस.
बाहेर एक टेम्पो रिव्हर्स घेतोय, पिपाणी वाजवत.
आप्पांची बोटं मांडीवर हलली,
डाव्या हाताची तीन, उजव्याची चार,
आणि थांबली.
एक हमाल पाठीवर गोणी घेऊन दारात आला,
बघितलं त्याने, आणि गोणीसकट परत फिरला.
हे कागदावर नव्हतं.
चाळीस केव्हाच होऊन गेले असतील.
निलोफरने एकदा मान वळवली.
खुर्चीतला एक जण पुटपुटला, कार्ड भरत आलंय.
दुसरा गप्प.

डोळे उघडे ठेवून ऐकायला
इतकं दुखतं,
हे मला कोणी सांगितलं नव्हतं.

ऊन आप्पांच्या गुडघ्यावरून उतरून
आरत्यांच्या खोक्यांवर गेलं.
जिभेवर "क" येऊन बसला होता.
गिळला,
पाण्याशिवाय गोळी गिळावी तसा.

आप्पा बसून आहेत.