ख्याती

वेंडलकेन्स बंद पडलं, त्याच्या चौथ्या दिवशी
मला तळघराची किल्ली मिळाली.
वॉलनट स्ट्रीटवर बर्फाचा काळा चिखल,
आत एकशे तीन वर्षांच्या चोपड्या,
लोण्याचा, उंदरांचा, जुन्या शाईचा वास.
लिलाव सोमवारी. त्याआधी ताळेबंद हवा.

इतिहास तसा वरच आहे, दारापाशी, पितळेत कोरलेला:
ऑगस्टस वेंडलकेन, स्थापना १९०८,
आणि त्याच्या हातचं कासवाचं सूप,
ज्यासाठी सिनेटर वॉशिंग्टनहून रेल्वेनं यायचे.
पाटीला रोज पॉलिश व्हायचं.
त्याचाही खर्च लिहिलेला आहे.

पहिल्याच पानावर काटे-चमचे, भाड्याचे,
फक्त चाळीस.
आणि पाहुणे शहात्तर.
म्हणजे त्या रात्री दोन पंगती उठल्या
आणि मधल्या वेळात कुणाचे तरी हात
उकळत्या पाण्यात होते.
पंगत हा माझा शब्द. चोपडीत दुसरा आहे.

१९२० च्या जानेवारीत शेरी नाहीशी होते.
त्याच आठवड्यापासून व्हिनेगर इतकं वाढतं
की अख्खं फिलाडेल्फिया लोणच्यात मुरावं.
मी मोठ्यानं हसले.
तळघरात एकटीनं हसणं बरं दिसत नाही.

मंदीत वेटरांचे पगार अर्धे,
मेणबत्त्यांचा खर्च मात्र तेवढाच.
रिकामी टेबलंही उजळावी लागतात,
नाहीतर रस्त्यावरून ती रिकामी दिसतात.

हे सगळं ठीक. हिशेबात असं चालतंच.
मी अडकले ते 'किरकोळ' या खात्यात.
दर शनिवारी, काड्यापेट्या आणि मांजराचं दूध
यांच्या मधल्या ओळीत:
एल. टॉलिव्हर, सूप, दीड डॉलर.

पगारपत्रकात हे नाव नाही.
कर्मचाऱ्यांच्या फोटोत कोण असेल, सांगता येत नाही;
डाव्या कडेला एक कोपर आहे, बाही वर सारलेली,
बाकीची बाई चौकटीबाहेर.

१९१८ च्या ऑक्टोबरात, शहरात तापाची साथ होती तेव्हा,
तीन शनिवार ती ओळ नाही.
मी तक्रारवही काढली.
सूप परत, टेबल सहा.
सूप परत, टेबल अकरा.
सूप परत, पाहुण्यांनी बिल भरलं नाही.
चौथ्या शनिवारी: एल. टॉलिव्हर, सूप, पावणेदोन डॉलर.
अडतीस वर्षांत ही एकच वाढ.

१९४७, मार्च, पुन्हा किरकोळ:
फुलं, एल. टॉलिव्हर, चार डॉलर.
खाली बर्फ. खाली मांजराचं दूध.

पुढच्या महिन्यात मेनूवरून सूप उतरलं,
'कासवं मिळेनाशी झाल्यामुळे'.
मासळीवाल्याचं एप्रिलचं बिल माझ्या हातात आहे:
जिवंत कासवं, बारा नग,
पैसे पोचले.

आमच्या इचलकरंजीच्या कॉलेजात गवंडी सर सांगायचे,
ख्याती ही अदृश्य मालमत्ता.
तिला रंग नाही, वजन नाही, कुलूप लागत नाही,
पण धंदा विकताना खरेदीदार
तिचे पैसे वेगळे मोजतो.
आम्ही लिहून घेतलं. परीक्षेला यायचं, पाच मार्कांना.
कुणाला मोजतो, असं
वर्गात कुणी विचारलं नाही. मीही नाही.

आता माझ्यासमोर कोरा रकाना आहे:
ख्याती, वेंडलकेन्स हे नाव,
साठ हजार डॉलर.
झुंबरापेक्षा जास्त. भटारखान्याच्या सगळ्या तांब्यापेक्षा जास्त.

वर खुर्च्यांना नंबर चिकटवताहेत,
पावलांचा आवाज छतातून येतो.
मी शनिवार मोजले, दीड डॉलरांनी गुणले,
मग पावणेदोननं, मग फुलं मिळवली.
बेरीज जुळते.
सगळ्या चोपड्या जुळतात, एका सेंटचाही फरक नाही.
म्हणूनच पेन्सिल पुन्हा टोकदार करून
मी पहिल्या पानापासून मोजायला बसले आहे.