डिकीत

मोबाइल बंद केला, स्कूटरच्या डिकीत
रेनकोटाखाली दडपला
आणि अंजनेरी चढू लागलो.

विसाव्या पायरीला मांडी थरथरली.
खिसा रिकामा. तरी हात गेलाच.

पठारावर तळं, भणभण वारा,
एक घार, जिचा फोटो
कुणालाच गेला नाही.
नुसतं बघत राहणं
आधी जमेना.

मग शेळ्यांमागून सकवारबाई आल्या,
बटणांचा फोन आभाळाला दाखवत.
"तुम्ही बसलाय ना, त्याच दगडावर
एक कांडी येती.
लेक सातपूरला, कंपनीत.
आता सुटंल जेवायला."

मी उठलो.
तळ्यापलीकडे जाऊन पाठ करून बसलो,
ऐकू येऊ नये म्हणून.

वारा माझ्याच दिशेचा.
हॅलो, हॅलो,
हॅलो,
आणि बऱ्याच वेळानं:
"भाजी काय नेलीस?"