क्रियापद

पहाटे चारला अन्नक्कुट्टी कपाळाला दिवा बांधते,
तीनशे रबराच्या झाडांना तिरकी चीर देत उतार उतरते.
मग वाट बघायची. करवंटीत चीक साठेस्तोवर
तास-दीड तास माणसाला काहीच काम नसतं.
तेवढ्यात ती फोनवर कथा लिहिते,
चिकट झालेल्या एकाच अंगठ्याने.

तिच्या भाषेत क्रियापद मोठं मायाळू.
वन्नु, म्हणजे आला. वन्नु, म्हणजे आलीसुद्धा.
इरुन्नु, बसलं कुणी. चिरिच्चु, हसलं कुणी.
कर्ता गाळला तर गाळला, वाक्य चौकशी करत नाही.
माझ्या मराठीत पाऊल उंबऱ्यात पडायच्या आत
आला की आली, सांगून मोकळं व्हावं लागतं.
'आलं' म्हणावं तर ते लेकराला, वासराला.
तरी तेच उसनं घेते. दुसरं जवळ नाही.

तर एकतीस भागांत कुणीतरी येतं,
छत्री खिळ्याला अडकवतं,
उकडलेला कप्पा मिरचीत बुडवून खातं,
शीटच्या यंत्राचं चाक फिरवून हाताला पडलेले घट्टे
कंदिलासमोर धरून दाखवतं.
वाचणाऱ्यांना वाटतं, लिहिणारा कॉलेजातला पोरगा असणार,
एखादीसाठी झुरणारा.

वाचनशाळेतली तीन कपाटं तिने सोळाव्या वर्षीच संपवली.
जिथे जिथे दोघी भेटल्या, शेवटच्या प्रकरणात
एकीचं लग्न ठरायचं, नाहीतर विहीर तयार असायची.
भार्गवीचं लग्न ठरलं, कट्टप्पनाला.
विहिरीपेक्षा बरं, असं अन्नक्कुट्टी म्हणाली होती तेव्हा, मोठ्याने,
आणि भार्गवी हसली नव्हती.

एकतिसावा भाग गेला त्या पहाटे
मस्कतहून एक ओळ आली, कुणा नर्सची, रात्रपाळी संपवून निघालेली:
अवळ वन्नो?
ती आली का?

ती.
एकतीस भाग पदराआड ठेवलेलं एक अक्षर
परक्या बाईने सहज उचलून हातात दिलं,
वाटेत पडलेलं किल्ल्यांचं जुडगं द्यावं
तसं, फार न बोलता.

उत्तरासाठी चारदा अंगठा टेकवला.
उजाडून गेलं तरी कपाळावरचा दिवा जळतच होता.
'नाही' लिहिलं. पुसलं.
'अजून नाही' लिहिलं.

वरच्या बांधावरच्या चाळीस झाडांचा चीक
तोवर करवंट्यांतच थिजला.
भंगाराच्या भावाने गेला तो, किलोमागे निम्म्याने.
अन्नक्कुट्टीने घासाघीस केली नाही.