एकोणिसाव्या वर्षाची कल्हई

एकोणीस वर्षं भरली की चांदणं कळकतं.
आधी लहान मुलांना कळतं, ती गच्चीवर झोपत नाहीत,
तोंडात तांब्याचा पैसा धरल्यासारखं होतं म्हणतात.
मग मोगरा कडेने हिरवट पडतो.
मखमलाबादचे मळेवाले एका रात्रीत
द्राक्षांच्या घडांना वर्तमानपत्रं गुंडाळतात,
आणि जुनी माणसं म्हणू लागतात,
उतरवायला हवा आता.

उतरताना त्याचा आवाज होत नाही.
नारोशंकराची घंटाही त्या रात्री बांधून ठेवतात.
नुसता उजेड चढत जातो गोदेला
आणि पुलावरची गर्दी पूर मोजावा तसा तो मोजते:
दुतोंड्या मारुतीच्या घोट्याला लागला.
गुडघ्याला.
कमरेला लागला की भांडीबाजार बंद.
यंदा छातीपर्यंत आला.

बाकीच्या जगाला वाटतं, अमावस्या आहे.

मागल्या खेपेला मी नऊ वर्षांची.
दादामियाँ कल्हईवाले माझ्या बापाला म्हणाले,
श्रीपत, पोरीचे पाय हलके आहेत, दे.
मला चंद्रात उभं केलं.
तळव्यांखाली वाळू, चिंचेचा कोळ.
काठ धरून मी डावी-उजवी वळत राहिले,
जातं फिरावं तशी.
वर बघू नको, चक्कर येईल, म्हणाले.
मी बघितलं.
भिंतीवरचं घड्याळ काढल्यावर राहतो
तसा एक फिका गोल होता आभाळात.
बुडाशी एक काळा डाग निघेना,
मी टाच रोवली, तर त्यांनी माझा घोटा धरला:
तेवढं राहू दे, बेटा.

आता दादामियाँ नाहीत.
त्यांचा मुलगा सातपूरला कंपनीत,
त्याच्या घरी सगळं स्टील.
भाता माझ्या माळ्यावर होता, उंदरांनी एका बाजूने खाल्लेला.
मी त्याला सायकलची ट्यूब लावली.

कथील विकतचं चालत नाही, दारोदार मागावं लागतं.
कुणी मोडक्या समईचं झाळण काढून दिलं,
कुणी मेलेल्या नवऱ्याचं शाळेतलं पदक.
दहीपुलावरच्या इंदुमतीबाईंनी घासाघीस केली:
देते, पण माझा टोपही करून दे त्यातच.

मध्यरात्री आम्ही नऊजणांनी तो पालथा केला,
पोचे ठोकायला.
ती त्याची पलीकडची बाजू, जी खालून कुणाला दिसत नाही.
कंदील जवळ नेला तर
टिंबाटिंबांनी नाव घातलेलं:
चि. सौ. कां. — पुढचं झिजलेलं —
हिस, आईकडून.

मी हात ठेवला त्यावर. गार होतं.
कोणत्या रुखवतात मांडला असेल हा,
कोणत्या घरी गेली असेल ती एवढं जड घेऊन.
ठोकणाऱ्यांना म्हटलं, इथे हातोडी नको,
पत्रा पातळ आहे.

मग उलथा केला, कोळसा पेटला, भात्याने श्वास धरला.
नवसागर टाकला तसा पांढरा धूर
पंचवटीपर्यंत गेला, घाटभर लोक खोकले,
त्या खोकण्यालाच आमच्याकडे प्रसाद म्हणतात.
कथील वितळून पारा झालं,
कापसाचा बोळा घेऊन मी आत वाकले
आणि डागापाशी आले.

दूध होतं ते. उतू गेलेलं, मग करपलेलं.
लोक त्याला ससा म्हणतात.
तिने भांडं विस्तवावर ठेवलं असेल
आणि कुणी हाक मारली असेल,
किंवा हाक येईल म्हणून ती दाराशी थांबली असेल.
मी बोळा कडेकडेने फिरवला.

नदीत बुडवला तेव्हा एकच चर्र झालं.
टाकळीपर्यंत पाणी पहाटे कोमट होतं,
लोकांनी त्यात पोरं न्हाऊ घातली.
तो गेला ते मी पाहिलं नाही,
मी भात्याच्या ट्यूबला ठिगळ लावत होते.

उरलेल्या कथिलात इंदुमतीबाईंचा टोप झाला.
आता रोज येऊन कुरकुरतात,
रात्री झाकण ठेवलं तरी फटीतून उजेड येतो,
झोप लागत नाही म्हणतात.
म्हटलं, मग परत आणा, खरवडून देते.
तर म्हणतात, राहू दे.