लॅमिनेशन नको

पपया नर्सरीच्या सिग्नलपासून तिसरं दुकान माझं.
झेरॉक्स दोन रुपये, कलर दहा,
फॉर्म भरून द्यायचे तीस, चेहरा रडवेला असेल तर वीस.

पदवी घेऊन कुणी आलं की आधीच सांगतो,
लॅमिनेशन नको.
परदेशी जायचं झालं तर मागच्या बाजूला शिक्का लागतो,
प्लॅस्टिकवर शाई धरत नाही.
चाळीस रुपयांचं गिऱ्हाईक असं मीच परत पाठवतो.

हर्षल गांगुर्डे दर सोमवारी येतो. बी. ई. मेकॅनिकल.
पाच प्रती, अंबडच्या पाच गेटांसाठी.
परवा त्याने हिशेब मांडला माझ्याच काउंटरवर,
वाया गेलेल्या एका काळ्या झेरॉक्सच्या पाठीवर:
चार वर्षांची फी, मेस, बस, राहिलेल्या गणिताची फेरपरीक्षा.
साडेसहा लाख.
समोर लिहिलं, चौदा हजार, तेही कंत्राटी.
"काका, भागाकार करा."
मी कॅल्क्युलेटर दिला नाही. सेल गेलाय म्हणालो.

मागे इम्तियाज उभा, आयटीआयचा, वेल्डर,
गाडीच्या कर्जासाठी आधारची प्रत हवी होती त्याला.
हसेल असं वाटलं. म्हणाला,
"माझे डोळे चाळिशीपर्यंत टिकतील, भाऊ. तुझं तू बघ."

खरं सांगू का,
या रस्त्यावर पदवीवर नियमित कमाई
फक्त माझीच.
एका प्रतीमागे सव्वा रुपया.
मीही एम. कॉम. आहे. कुणी विचारत नाही, मी सांगत नाही.

गेल्या महिन्यात शोभनाताई पगारे आल्या,
सातपूरच्या कंपनीत अडीचशे माणसांचे पोहे करतात.
मुक्त विद्यापीठाची बी. ए., वय एक्कावन्न.
म्हणाल्या, मोठी करून द्या.
किती मोठी?
तुमचं मशीन करील तेवढी. माझं नाव चष्म्याशिवाय वाचता आलं पाहिजे.
यावर बढती मिळते का हो?
"कसली बढती? पोहे ते पोहेच."
आणि साठ रुपये मोजून दिले, सुटे,
हळदीचा वास येणारे.
ते कोणत्या रकान्यात मांडू?

आता नऊ वाजलेत. शटर अर्धं खाली.
माझी जुई स्टुलावर बसून स्वतःचा फॉर्म भरते आहे,
शहाऐंशी हजार, नुसत्या पहिल्या वर्षाचे.
"बाबा, पालकांचं वार्षिक उत्पन्न?"
पेन्सिलने लिही, म्हणालो.
"आणि कोर्स?"

मशीन बंद केलं होतं, काच अजून गरम होती.
तो पेनाने लिही.