ल संपला तेव्हा

माझ्या घरात कन्नड. मराठी मी उलटी शिकलो,
शिशाच्या खिळ्यांवरून, आरशातल्यासारखी,
म्हणून अजून कुणी सरळ छापलेलं हातात दिलं
की क्षणभर अडखळतो.

नेमाण्णा मगदूम चिकोडीच्या कोर्टासमोर स्टॅम्प विकायचा.
दिवसभर दुसऱ्यांच्या तोंडची खरीखोटी प्रतिज्ञापत्रं,
संध्याकाळच्या गाडीनं निपाणी,
उतरला की दोन शिंका. तंबाखूचं गाव,
इथं शिंकेला कुणी अपशकुन मानत नाही.

चौदा वर्षं एकच कादंबरी लिहिली त्यानं.
भाव चढला ते साल, आणि पडला ते.
दलाल बाळगोंडा आधी घड्याळ आणतो, मग बंगला बांधतो,
मग बस्तीला पितळी दार.
आणि वखारीत हौसा, हजार विड्यांना बसलेली.
दोनशे छाटात जातात. त्यांचे पैसे नाहीत,
विड्या मात्र मालक ठेवून घेतो.
एवढंच. ना खून, ना कुणाचं पळून जाणं.
मी विचारलं, यात गोष्ट कुठं आहे?
म्हणाला, ईराप्पा, छाटात.

पुण्याहून पत्र आलं. अक्षर फार सुंदर.
कादंबरी उत्तम, भाषा तेवढी शुद्ध करा,
‘काय करालीस’च्या जागी ‘काय करते आहेस’.
नेमाण्णानं पत्र माझ्या दगडावर ठेवलं,
वर वजनाला शाईचा डबा.
हौसाला पुण्याचं बोलायला लावलं
तर उद्या तिला पानं-तंबाखू कोण देईल?
मग इथंच छापायची ठरली, आमच्या प्रेसात,
लग्नपत्रिका आणि बाजार समितीच्या पावत्या
यांच्या मधल्या वेळात.

आणि ल संपायला लागला.
करालीस, जायालोय, बघालाय, रडालीस काय गं...
या गावाच्या तोंडात ल किती
हे पंचवीस वर्षं ऐकून मला कळलं नव्हतं.
चार पानं जुळवायची, छापायची, मोडायची,
ल परत खणात, मग पुढची चार.
खण रिता झाला की तळाचं लाकूड दिसायचं.

मधेच एक खरा दलाल आला.
कुणीतरी त्याच्या कानावर घातलं होतं. आम्ही घाबरलो.
त्यानं उभ्या उभ्या प्रूफ वाचलं, मान पुसली,
म्हणाला, घड्याळं दोन होती.
नेमाण्णानं तिथंच पेन्सिलीनं दोन केली.

शेवटचा फॉर्म. दोनशे बारावं पान. खणात ल नाही,
आणि सकाळपासून मशीनवर निवडणुकीचं काम.
हौसाचं एकच वाक्य उरलं होतं:
लिलावात निघालेल्या घड्याळासमोर ती उभी.
नेमाण्णा पावणेनऊपर्यंत बाकावर बसून होता,
मग म्हणाला, काढ. गप्प राहू दे तिला.

आता कॉलेजची मुलं येतात वह्या घेऊन.
त्या पानावर हौसा बोलत नाही,
केवढं मोठं मौन ते,
नेमाण्णा काय म्हणायचे त्याबद्दल?
मी चहा मागवतो.

प्रेस मोडली तेव्हा शिसं किलोवर गेलं.
कंपोझच्या घोड्याखाली झाडताना
तंबाखूच्या भुकटीत एक ल सापडला.
पुसून तळहातावर घेतला, उलटा.
नेमाण्णाला जाऊन नऊ वर्षं झाली होती,
आणि ते वाक्य काय होतं
मला आठवेना.