सबटायटल आली नाहीत

रत्नागिरी. वाचनालयाच्या वरचा हॉल.
फिल्म क्लबचे सभासद अकरा, हजर सतरा,
कारण खुर्च्या परत न्यायला आलेले मंडपवालेही
"बघूया तरी" म्हणत बसले.

सिनेमा जपानी, विनोदी, शहरातला:
एक इमारत, नऊ बिऱ्हाडं, बंद पडलेली लिफ्ट
आणि कोणाचीच नसलेली एक पिवळी छत्री.
सबटायटल आली नाहीत.
मी, खजिनदार, सगळी बटणं दाबून पाहिली.
एकदा पडदा निळा झाला,
एकदा सगळे जपानी आडवे आणि लांबट झाले,
अक्षर काही उमटेना.

तेव्हा मागून इस्माईल मुकादम उठले.
अकरा वर्षं जपानी मालवाहू बोटीवर काढलेली.
म्हणाले, "मला येते थोडी."
थोडी म्हणजे चाळीसेक शब्द:
दोर, नांगर, डिझेल, भात, साहेब झोपलेत.

पडद्यावर एक बाई शेजाऱ्यावर ओरडली.
मुकादम म्हणाले, "डावीकडे घ्या."
आणि शेजारी खरोखर डावीकडे सरकला!
मंडपवाल्यांनी टाळ्या पिटल्या.
भाडं मागायला मालक आला,
दार किलकिलं झालं. "साहेब झोपलेत."
इथे खेडेकर इतके हसले
की शेजारच्या तोरसकरबाईंच्या खांद्यावर हात पडला.
पाण्याच्या टाकीवरून दोघं दोन वर्षं बोलत नव्हते.
बाई पडद्यावरची नजर न काढता म्हणाल्या,
"हा टकला आपल्या बी विंगमधलाच वाटतो, नाही?"
"फक्त मेंटेनन्स वेळेवर भरतो," खेडेकर म्हणाले.

शेवटी स्टेशन.
मुलगी छत्री त्या मुलाच्या हातात देते,
काहीतरी बोलते, एकच वाक्य,
आणि गाडीत चढते.
आम्ही सतरा जण मागे वळून बघत राहिलो.
मुकादमांनी चष्मा काढला, पुसला.
"म्हणते," ते म्हणाले, "दोर सोड."

कोणीच लगेच उठलं नाही.
पंख्याचा तेवढा खडखडाट.
मंडपवाल्यांनी खुर्च्या उचलल्या
त्याही न आपटता.

रात्री घरी मला सबटायटल सापडली.
ती म्हणत होती,
"दुधाचे पैसे तुझ्याकडे राहिले."
हे मी कोणाला सांगितलेलं नाही.

सकाळी मासळीबाजारात मुकादम भेटले, हातात बांगडे.
"पुढचा कुठला?"
"फिनलंडचा."
त्यांनी जरा विचार केला.
"तिथे आमची बोट लागली होती एकदा," म्हणाले,
"दोन दिवस."